मेमरी महाग होती तेव्हा

सप्टेंबर १९७५. सॅन फ्रान्सिस्कोत वेस्कॉन हे इलेक्ट्रॉनिक्सचं मोठं प्रदर्शन भरलं होतं. मॉस टेक्नॉलॉजी या पेनसिल्व्हेनियातल्या कंपनीने जाहिरात आधीच देऊन ठेवली होती: या, पंचवीस डॉलर मोजा आणि आमचा ६५०२ हा नवा मायक्रोप्रोसेसर खिशात घालून घरी न्या. त्या काळात इंटेल आणि मोटोरोलाच्या अशा चिपसाठी शेकडो डॉलर पडायचे, त्यामुळे अनेकांना ही थाप वाटली. आयोजकांनी ऐन वेळी हरकत घेतली, प्रदर्शनाच्या जागेत रोख विक्री चालणार नाही. तेव्हा या चिपचे कर्तेधर्ते चक पेडल यांनी जवळच्या सेंट फ्रान्सिस हॉटेलात दुकान मांडलं. काचेच्या बरण्या चिपांनी भरून ठेवल्या होत्या आणि पेडल यांच्या पत्नी पैसे घेऊन त्यातली एकेक चिप काढून देत होत्या. बरणीच्या तळाशी असलेल्या चिपा मुळात चालणाऱ्याच नव्हत्या, हे पेडल यांनी पुढे स्वतःच सांगून टाकलं. माल भरपूर आहे असं दिसायला हवं होतं.

या विक्रीच्या निमित्ताने पेडल यांची गाठ अटारी कंपनीच्या लोकांशी पडली. ‘पाँग’ या टेबल टेनिससारख्या खेळाने अटारीला नाव आणि पैसा मिळवून दिला होता. त्याची घरच्या टीव्हीला जोडायची आवृत्ती त्याच वर्षी बाजारात येत होती. अडचण एकच होती. पाँगच्या चिपमध्ये पाँगच होतं. नवा खेळ हवा तर नवी चिप आखायची, तिचा साचा करायचा, लाखो नग काढायचे, आणि तोवर गिऱ्हाइकाचं मन उडालेलं असायचं. अटारीची एक छोटी प्रयोगशाळा कॅलिफोर्नियात ग्रास व्हॅलीच्या डोंगराळ गावात होती. तिथले स्टीव्ह मेयर आणि रॉन मिल्नर एका वेगळ्या यंत्राच्या मागे होते: पेटी एकच, खेळ मात्र बदलता येणारे. बदलायची गोष्ट म्हणजे कार्ट्रिज, जिला आपल्याकडची मुलं पुढे ‘कॅसेट’ म्हणाली. या शर्यतीत फेअरचाइल्ड कंपनी पुढे निघाली. जेरी लॉसन यांच्या देखरेखीखाली झालेलं तिचं चॅनल एफ हे कार्ट्रिजवालं यंत्र नोव्हेंबर १९७६ मध्ये दुकानात आलं.

प्रोसेसर स्वस्त झाला म्हणून सगळं सोपं झालं असं नव्हतं. टीव्हीवर चित्र दाखवायचं तर ते आधी कुठेतरी साठवून ठेवावं लागतं, प्रत्येक ठिपक्याचा रंग मेमरीत लिहून. १६० ठिपके रुंद आणि १९२ ओळी उंच असं साधं, एकाच रंगाचं चित्र साठवायला ३,८४० बाइट लागतात. रंग वाढवले की आकडा पटींनी वाढतो. घराघरांत खपवायच्या खेळण्यात एवढी मेमरी घालणं १९७६ मध्ये शक्य नव्हतं. अटारीच्या यंत्रात अखेर किती मेमरी बसली? १२८ बाइट. या लेखातलं हे एक वाक्यसुद्धा तिच्यात मावायचं नाही.

या कोंडीत मार्ग काढायला अटारीने जे मायनर यांना बोलावलं.

मायनर तेव्हा चाळिशी ओलांडलेले होते. जन्म १९३२ चा, ॲरिझोनातल्या प्रेस्कॉटचा. शाळेनंतर अमेरिकी तटरक्षक दलात गेले, तिथे इलेक्ट्रॉनिक्स शिकले, उत्तर अटलांटिकमधल्या हवामान-गस्तीच्या बोटींवर तंत्रज्ञ म्हणून काम केलं. मग बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातून १९५८ मध्ये इंजिनीअर झाले. साठच्या दशकात त्यांचा हात सिलिकॉनवर बसला. कॅल्क्युलेटरच्या आणि मोजमापाच्या उपकरणांच्या चिपा त्यांनी आखल्या आणि १९७३ मध्ये काही जणांबरोबर सिनर्टेक ही चिप कंपनी उभी केली. पुढे ६५०२ बनवण्याचा परवाना सिनर्टेककडेही आला. म्हणजे अटारीला हवा असलेला माणूस आणि अटारीला हवी असलेली चिप, दोन्ही एकाच पत्त्यावर होती.

या माणसाची तीन यंत्रं महत्त्वाची: अटारी व्हीसीएस, अटारी ८०० आणि अमिगा. १९७५ ते १९८५ अशा दहा वर्षांत ती झाली. तिन्हींत प्रश्न एकच आहे, पडद्यावरचं चित्र काढायचं कष्टाचं काम कोणी करायचं, आणि तिन्ही वेळा उत्तर वेगळं आहे.

पहिलं उत्तर सर्वांत निर्दयी होतं: चित्र साठवायचंच नाही. जुन्या, काचेच्या नळीच्या टीव्हीत इलेक्ट्रॉनचा एक किरण डावीकडून उजवीकडे ओळ आखत जातो, एक ओळ झाली की खालची धरतो, आणि अमेरिकी पद्धतीत सेकंदाला साठ वेळा पडदा वरून खाली भरतो. मायनर यांच्या टीआयए या चिपमध्ये फक्त त्या क्षणीच्या एका ओळीपुरती माहिती असायची. आठ ठिपके रुंदीचे दोन खेळाडू, दोन गोळे, एक चेंडू, आणि पार्श्वभूमीसाठी वीस बिट. वीस बिट म्हणजे अर्धाच पडदा. उरलेला अर्धा त्याचीच नक्कल किंवा आरशातलं प्रतिबिंब. पुढची ओळ वेगळी हवी असेल तर किरण तिथे पोचण्याच्या आत प्रोग्रामने चिपमधली माहिती बदलायची. पंगतीत वाढपी कुणासाठी थांबत नाही. त्याच्या हातातलं भांडं रिकामं होण्याआधी आतून भरलेलं भांडं यावं लागतं, तसा हा मामला. आणि वेळ किती? एका ओळीला प्रोसेसरची ७६ आवर्तनं. एकेका सूचनेला दोनपासून सहा-सात आवर्तनं खर्च होतात, म्हणजे फार तर वीस-पंचवीस सूचना. तेवढ्यात ओळ सजवायची. खेळाचा हिशेब, कोण कुणाला धडकलं, गुण किती झाले, हे सगळं किरण तळाला पोचून पुन्हा वर जाईपर्यंतच्या फटीत उरकायचं.

गंमत म्हणजे खेळाडू पडद्यावर आडवा कुठे दिसावा, हे सांगायला नीट आकडाही देता येत नसे. किरण हव्या त्या जागी आला की नेमक्या त्याच क्षणी चिपला इशारा करायचा: इथे! त्यामुळे प्रोग्राम लिहिणारी माणसं कागदावर आवर्तनं मोजत बसत.

या कामात मायनर यांच्या हाताखाली जो डिक्यूर हा तरुण इंजिनीअर होता. यंत्राचं गुपित नाव ‘स्टेला’ पडलं, ते डिक्यूर यांच्या सायकलवरून. काटकसर इतकी टोकाची की ६५०२ सुद्धा पूर्ण घेतली नाही. तिचे पाय कमी केलेली, छोट्या वेष्टनातली ६५०७ घेतली. त्यामुळे यंत्राची पोच ८ हजार बाइटांवर थांबली आणि कार्ट्रिजच्या वाट्याला ४ हजार आले. स्टेला बाजारात आणायला भांडवल कमी पडत होतं, म्हणून अटारीचे संस्थापक नोलन बुशनेल यांनी १९७६ मध्ये अटारी वॉर्नर कम्युनिकेशन्सला २ कोटी ८० लाख डॉलरला विकली. सप्टेंबर १९७७ मध्ये व्हीसीएस दुकानात आलं, किंमत १९९ डॉलर. आपल्याकडे तेव्हा मुंबई दूरदर्शनला जेमतेम पाच वर्षं होत होती आणि रंगीत चित्र यायला अजून पाच वर्षं बाकी होती.

करणाऱ्यांच्या मनात या यंत्राचं आयुष्य तीनएक वर्षांचं होतं. दोन खेळाडू, दोन गोळे, एक चेंडू ही यादीच सांगते की डोळ्यांसमोर रणगाड्यांची लढाई आणि पाँग एवढंच होतं. पण चिपमध्ये काय चालतं यापेक्षा काय करायला मनाई नाही, हे प्रोग्रामरांनी शोधून काढलं. खेळाडूची आकृती एकाच ओळीत तीनदा छापायची सोय टीआयएमध्ये होती. १९८० मध्ये ‘स्पेस इन्व्हेडर्स’ आला तेव्हा दोन खेळाडूंच्या तीन-तीन नकला करून सहा-सहा परग्रहवासीयांच्या सहा रांगा उभ्या राहिल्या, आणि व्हीसीएसच्या खपाने उसळी घेतली. बुद्धिबळाची कथा आणखी अवघड. एका रांगेत आठ मोहरी दाखवणं या यंत्राला जमणारच नाही अशी समजूत होती. बॉब व्हाइटहेड यांनी काही मोहरी एका आड एका ओळीत आणि उरलेली मधल्या ओळींत काढून वेळ मारून नेली. मोहरी खिडकीच्या पट्ट्यांतून पाहिल्यासारखी दिसतात, पण दिसतात. आणि यंत्र पुढची चाल ठरवायला लागलं की पडद्यावरून पट गायब होऊन नुसते रंग चमकतात. विचार करायचा तर चित्र काढायला वेळ नाही, चित्र काढायचं तर विचाराला नाही.

माझ्या मते मायनर यांच्या तिन्ही कामांत टीआयए सर्वांत अस्सल आहे. तिच्यात आराम कुठेच नाही. अमिगाच्या चाहत्यांना हे पटणार नाही, याची कल्पना आहे.

दुसरं यंत्र थोडक्यात सांगतो. व्हीसीएस विकायला लागलं तेव्हा अटारीत त्याच्या वारसदाराचं काम सुरू झालंच होतं. त्यातून १९७९ च्या अखेरीस ४०० आणि ८०० हे घरगुती संगणक आले. इथे मेमरी थोडी परवडत होती, त्यामुळे मायनर यांच्या चमूने चित्र काढायला ‘अँटिक’ नावाची वेगळी चिप दिली. तिला पडद्याच्या मांडणीची यादी द्यायची: वर इतक्या ओळी अक्षरांच्या, मग इतक्या चित्राच्या, मग पुन्हा अक्षरं. ती यादी वाचून अँटिक स्वतः मेमरीतून माहिती उचलते. मुख्य प्रोसेसरला तेवढा वेळ थांबवते, पण ओळीगणिक त्याच्या मानगुटीवर बसत नाही. प्रोग्रामरच्या हातातलं किरणामागे धावण्याचं काम निम्म्याहून अधिक चिपकडे गेलं.

यानंतर मायनर यांना मोटोरोलाची नवी ६८००० ही चिप वापरून पुढचा संगणक करायचा होता. अटारीला ते नको होतं. चालू यंत्रं खपताहेत, एवढी महाग चिप कशाला, असं म्हणणं पडलं. कबूल केलेला बोनस मिळाला नाही, अशीही इंजिनीअरांची तक्रार असल्याचं मायनर यांनी पुढे मुलाखतींत सांगितलं. ते नोकरी सोडून झायमॉस या कंपनीत गेले आणि हृदयाच्या पेसमेकरच्या चिपा आखू लागले.

इथे जरा वाट सोडून ६५०२ कडे येतो, कारण ती आपल्या दारापर्यंत आली. भारत सरकारने १९८४ मध्ये शाळांसाठी संगणक साक्षरतेची ‘क्लास’ योजना सुरू केली, तेव्हा शाळांत आलेले बीबीसी मायक्रो हे संगणक ६५०२ वरच चालत. आणि नव्वदच्या दशकात गल्लोगल्ली टीव्हीला जोडले गेलेले, ‘मारिओ’ आणि ‘काँट्रा’ खेळायचे, ‘९९९९९९ इन १’ अशी छाती पुढे काढून लिहिलेल्या कॅसेटवाले व्हिडिओ गेम हे निन्टेंडोच्या यंत्राच्या नकला होत्या. त्या मूळ यंत्राच्या प्रोसेसरचा गाभा म्हणजे ६५०२. कॅसेट चालली नाही की तिच्यात फुंकर मारणाऱ्या पोरांना हॉटेलातल्या त्या बरणीशी आपलं नातं असल्याचं ठाऊक असायचं कारण नव्हतं.

१९८२ मध्ये मायनर यांना जुने सहकारी लॅरी कॅप्लन यांचा फोन आला. व्हीसीएससाठी खेळ लिहिणारे कॅप्लन अटारी सोडून ॲक्टिव्हिजन या कंपनीच्या संस्थापकांत होते. काही दंतवैद्यांना सत्तर लाख डॉलर व्हिडिओ गेममध्ये गुंतवायचे होते. तो काळच तसा होता. दातांचे डॉक्टरही खेळांच्या मागे लागले होते. सांता क्लारात कंपनी निघाली, आधी ‘हाय-टोरो’, मग ‘अमिगा’. कॅप्लन लवकरच बाहेर पडले. प्रमुख झाले डेव्हिड मोर्स, टोंका या खेळण्यांच्या कंपनीतून आलेले. यंत्राला त्यांच्या पत्नीचं ‘लोरेन’ हे नाव मिळालं. गुंतवणूकदारांना खेळाचं यंत्र हवं होतं. मायनर यांनी ६८००० घेतली आणि पुढे कीबोर्ड, डिस्क, जास्तीची मेमरी जोडता येईल अशी जागा ठेवली. पुढच्याच वर्षी अमेरिकेतला व्हिडिओ गेमचा बाजार कोसळला आणि ती जागा कंपनीला तारून गेली.

दरम्यान पोट भरायला अमिगाने खेळाच्या काठ्या विकल्या, आणि ‘जॉयबोर्ड’ नावाची उभं राहून तोल सांभाळायची पाटीही. यंत्र कोलमडलं की इंजिनीअर त्या पाटीवर मांडी घालून निश्चल बसायचा प्रयत्न करत. अमिगा अडकला की पडद्यावर लाल चौकटीत ‘गुरू मेडिटेशन’ ही सूचना यायची, तिचं मूळ हे.

लोरेनच्या आत तीन खास चिपा होत्या, अखेरीस त्यांची नावं ठरली ॲग्नस, डेनिस आणि पॉला. यांच्यात खरी हुशारी दोन ठिकाणी आहे. पहिली अशी की ६८००० ही चिप मेमरीकडे साधारण एका आड एका फेरीलाच जाते. मधल्या मोकळ्या फेऱ्या मायनर यांनी आपल्या चिपांना देऊन टाकल्या. प्रोसेसर आपल्या गतीने चालू, आणि त्याच मेमरीतून चित्र, आवाज, डिस्क यांची वाहतूकही चालू. दुसरी म्हणजे ‘कॉपर’. ॲग्नसच्या आत दडलेला हा एक इवलासा प्रोसेसर, त्याला फक्त तीन सूचना कळतात: किरण अमुक जागी येईपर्यंत थांब, अमुक आकडा अमुक जागी टाक, आणि किरण पुढे गेला असेल तर पुढची सूचना गाळ. १९७७ मध्ये अटारीचे प्रोग्रामर आवर्तनं मोजत जे रक्त आटवायचे, ते काम हा कॉपर झोपेतही करत असे.

ठिपक्यांचे गठ्ठे भराभर हलवणारा ‘ब्लिटर’ आणि हॅम ही चित्रपद्धत, दोन्ही कल्पना विमान चालवायला शिकवणारी सिम्युलेटर यंत्रं पाहिल्यावर सुचल्या, असं मायनर सांगत. हॅममध्ये प्रत्येक ठिपक्याचा रंग पूर्ण लिहायचा नाही. शेजारच्या ठिपक्याचा रंग धरायचा आणि लाल, हिरवा, निळा यांपैकी एकच अंश बदलायचा. त्यामुळे सहा बिटांत ४,०९६ रंग एका पडद्यावर मावतात. ही पद्धत मुळात रंग वेगळ्या तऱ्हेने मोजण्यासाठी आखली होती. आराखडा बदलल्यावर मायनर यांना ती निरुपयोगी वाटली आणि त्यांनी ती काढून टाकायला सांगितली. चिपचा नकाशा काढणाऱ्याने कळवलं, काढली तर चिपच्या मधोमध भोक राहील, नाहीतर सगळा नकाशा नव्याने काढायला काही महिने जातील. मग राहू दे, असं ठरलं. आणि छायाचित्रासारखी चित्रं दाखवणारा संगणक म्हणून अमिगाचं नाव झालं ते याच हॅममुळे.

१९८४ मध्ये लोरेन प्रदर्शनात न्यायची वेळ आली तेव्हा चिपा झालेल्याच नव्हत्या. प्रत्येक चिपच्या जागी तारांनी गुंडाळलेल्या पाट्यांची चळत होती. ती विमानात सामानात टाकायची कुणाची छाती झाली नाही. अमिगाच्या आर. जे. मायकल आणि डेल लक यांनी ‘जो पिलो’ या नावाने तिसरं तिकीट काढलं आणि उशांत गुंडाळलेलं यंत्र सीटवर बसवलं. प्रदर्शनात दोघांनी लिहिलेला लाल-पांढऱ्या चौकटींचा चेंडू उसळू लागला आणि बघणारे टेबलाखाली वाकून खरा संगणक कुठे लपवला आहे ते शोधू लागले. चेंडू फिरत नव्हताच. रंगांच्या जागा बदलत होत्या, म्हणून तो फिरतो असं वाटे. गॅरेजच्या दारावर ठोकून त्याचा आवाज टिपला होता.

पैसे मात्र संपले होते. मायनर यांनी घरावर दुसऱ्यांदा कर्ज काढून पगार भागवले. मोर्स यांनी अटारीकडून पाच लाख डॉलर घेतले. जूनअखेर परत केले नाहीत तर चिपांवर अटारीचा हक्क, अशी अट. याच सुमाराला कमोडोर या संगणक कंपनीचे संस्थापक जॅक ट्रॅमिएल आपलीच कंपनी सोडून बाहेर पडले होते आणि वॉर्नरकडून अटारीचा घरगुती धंदा विकत घेत होते. मुदत संपण्याच्या सुमारास मोर्स यांनी पाच लाखांचा चेक अटारीला परत केला, आणि ऑगस्टमध्ये कमोडोरने अमिगा विकत घेतली. कोर्टकचेऱ्या झाल्याच. १९८५ मध्ये अटारीच्या नावाखाली कमोडोरच्या संस्थापकाचं यंत्र, आणि कमोडोरच्या नावाखाली अटारीच्या जुन्या इंजिनीअरचं यंत्र, दोन्हींत तीच ६८०००, अशी लढत बाजाराने पाहिली.

२३ जुलै १९८५ रोजी न्यूयॉर्कच्या लिंकन सेंटरमध्ये अमिगाचं अनावरण झालं. चित्रकार अँडी वॉरहोल यांनी गायिका डेबी हॅरी यांचं चित्र रंगवून दाखवलं. किंमत १,२९५ डॉलर, मॉनिटर वेगळा. पहिल्या पेटीच्या झाकणाच्या आतल्या बाजूला चमूतल्या सगळ्यांच्या सह्या प्लॅस्टिकमध्येच उठवलेल्या आहेत, आणि त्यांच्यात कुत्र्याच्या पंज्याचा एक ठसा. हा ठसा मिचीचा. मायनर यांची ही कुत्री रोज त्यांच्याबरोबर कामावर यायची, दारावर तिच्या नावाची पाटीही होती.

विक्रीत कमोडोर कमी पडलं, असं मायनर अखेरपर्यंत म्हणत राहिले. त्यात तथ्य आहे, पण बाजू थोडी गुंतागुंतीची आहे. तो काळ आयबीएमच्या पीसीने कचेऱ्या काबीज करण्याचा होता, आणि खेळ उत्तम चालणारा संगणक गंभीर असू शकतो, हे कचेरीला पटवणं कुणालाच जमलं नसतं. १९८७ चा स्वस्त अमिगा ५०० युरोपात मात्र धडाक्याने खपला. आणि एक गिऱ्हाईक न बोलावता आलं: टीव्ही स्टुडिओ. कारण मायनर यांच्या तिन्ही यंत्रांचं घड्याळ अमेरिकी टीव्हीच्या रंगाच्या लहरीवर, ३.५८ मेगाहर्ट्झवर, लावलेलं होतं. व्हीसीएसचा प्रोसेसर तिच्या एक तृतीयांश गतीने, अटारी ८०० निम्म्याने, अमिगा दुप्पट गतीने चाले. टीव्हीच्या तालावर चालणारं हे यंत्र टीव्हीच्या चित्रात मिसळणं सोपं होतं. १९९० मध्ये न्यूटेक कंपनीचं व्हिडिओ टोस्टर आलं आणि लहानसहान स्टुडिओंना महागड्या सामग्रीविना शीर्षकं, चित्रांची सरमिसळ, त्रिमिती दृश्यं करता येऊ लागली. १९९३ मध्ये दाखवलेल्या ‘बॅबिलॉन ५’ या टीव्ही मालिकेच्या पहिल्या भागातली अंतराळयानं अमिगांवर काढलेली होती.

डेव्ह नीडल आणि आर. जे. मायकल हे अमिगातले दोघं पुढे एपिक्स या कंपनीत गेले, तिथे मोर्सही होते. त्यांनी रंगीत पडद्याचं हातात धरायचं खेळयंत्र केलं. आत ६५०२ च्याच घराण्यातला प्रोसेसर आणि सोबतीला ब्लिटर. एपिक्सला ते बाजारात आणणं झेपेना. १९८९ मध्ये ते ‘लिंक्स’ या नावाने आलं, आणि त्यावर शिक्का होता अटारीचा.

मायनर कमोडोरसाठी काही काळ काम करून बाजूला झाले. पुढच्या चिपांचा त्यांचा ‘रेंजर’ नावाचा आराखडा बाजारात आलाच नाही. मूत्रपिंडाच्या दुखण्याने त्यांना दीर्घकाळ छळलं, डायलिसिसवर दिवस काढावे लागले, बहिणीने आपलं मूत्रपिंड दिलं. शेवटची नोकरी पुन्हा हृदयाच्या यंत्रांची होती. शरीरात बसवलेल्या यंत्राची बॅटरी वर्षानुवर्षं पुरवावी लागते, त्यामुळे तिथे एकही जास्तीचा ट्रान्झिस्टर चालत नाही. कमोडोरने २९ एप्रिल १९९४ रोजी कारभार गुंडाळत असल्याचं जाहीर केलं. मायनर २० जूनला माउंटन व्ह्यूमध्ये गेले, वयाच्या ६२ व्या वर्षी. तीन वर्षं चालेल म्हणून आखलेल्या व्हीसीएसचं उत्पादन बंद होऊन तेव्हा अडीच वर्षंही झाली नव्हती.